मोरांदीचं टेबल कसं लावावं: धूळ, पेन्सिलच्या खुणा आणि पाच मिलिमीटरचा हट्ट

बोलोन्या शहरातल्या व्हिया फोंदात्सा या रस्त्यावर, ३६ क्रमांकाच्या घरात इटालियन चित्रकार ज्योर्जो मोरांदी (१८९०–१९६४) आई आणि तीन बहिणींबरोबर राहिला. चारही भावंडं अविवाहित. त्याच्या खोलीत एका माणसाचा पलंग, ईझल (कॅनव्हास टेकवायची घोडी) आणि वेगवेगळ्या उंचीची टेबलं, त्यावर बाटल्या, पत्र्याचे डबे, वाडगे, नरसाळी, तेलाचा दिवा. त्याच वस्तू घेऊन त्यानं आयुष्यभर चित्रं काढली. तैलचित्रांचा आकडा तेराशेच्या वर जातो आणि त्यातली बरीचशी हातभर रुंदीचीही नाहीत.

त्याच्या सवयी सांगताना लोक आवाज खाली आणतात, जणू काही एखादा आजार सांगतायत. वस्तूंवरची धूळ पुसू द्यायची नाही. काचेच्या बाटल्या आतून-बाहेरून रंगवून त्यांची काच मारून टाकायची. टेबलावर कागद अंथरून प्रत्येक वस्तूच्या बुडाभोवती पेन्सिल फिरवायची. खिडकीतला उजेड गाळून घ्यायचा. ताज्या फुलांऐवजी रेशमी किंवा वाळलेली फुलं वापरायची. चित्र काढायला लागायचा वेळ थोडा, पण वस्तू मांडायला आठवडे.

स्वतः स्थिरचित्राला, म्हणजे मांडून ठेवलेल्या वस्तूंच्या चित्राला, बसून पाहिलं की यातली एकही सवय विचित्र वाटत नाही. समोरच्या मांडणीत सतत काहीतरी बदलत असतं: उजेड, चकाकी, आपलं डोकं, फुलाची पाकळी. मोरांदीची प्रत्येक सवय यातला एकेक बदल बंद करते. सगळे बदल बंद झाले की बाटली पाच मिलिमीटर सरकल्याचा फरक डोळ्याला दिसू लागतो. तो फरक हाच त्याचा विषय. पुढची कृती त्याच क्रमानं आहे.

वस्तू निवडताना

सात ते नऊ वस्तू पुरतात. दोन उंच, अरुंद मानेच्या बाटल्या, एक पोटाळ सुरई किंवा जग, दोन-तीन चौकोनी डबे, एक वाडगा, एखादी बुटकी, कडा असलेली वस्तू. आकार साधे हवेत. नक्षीदार मूठ, कोरलेली वेलबुट्टी, ऐतिहासिक वाटणारा तांब्या असलं काही नको, कारण डोळा तिथे गोष्ट शोधत बसतो.

निवडताना सगळ्यात जास्त लक्ष उंचीकडे द्या. नवशिके उंच, मध्यम, बुटकी अशा ठळक पायऱ्या निवडतात. मोरांदीच्या पद्धतीला जोड्या लागतात, जवळजवळ सारख्या पण अगदी सारख्या नव्हेत अशा. उदाहरणार्थ २८ आणि २६ सेंटिमीटर, १७ आणि १६, मग १२, मग ७. एक सेंटिमीटरचा फरक टेबलावर कसा वागतो ते पुढे येईलच.

छापील अक्षरं आणि लेबलं काढून टाका. मोरांदीनंही आपल्या डब्यांवरची लेबलं काढली किंवा रंगाखाली झाकली. नजरेसमोर अक्षर असलं की ते वाचलं जातंच, मग डब्याचा आकार मागे पडतो.

काच मारणं

काचेच्या बाटलीवर दोन वेगळ्या अडचणी असतात आणि त्यांचे उपायही वेगळे आहेत. एक, ती पारदर्शक असते, त्यामुळे मागचं सगळं तिच्यातून वाकडंतिकडं दिसतं. दोन, ती चकाकते, आणि चकाकीचा पांढरा ठिपका आपण डोकं हलवलं की जागा बदलतो. आतून रंग दिला तर पारदर्शकपणा जातो, चकाकी राहते. बाहेरून दिला तर दोन्ही जातात. एखादी बाटली आतून रंगवलेली ठेवावी, बाकीच्या बाहेरून. सगळ्याच सपाट मॅट (बिनचकाकीच्या) झाल्या तर मांडणी मातीच्या खेळण्यांसारखी दिसते.

आतून रंगवण्यासाठी एक लिटरच्या बाटलीला ६० मिलि पांढरं मॅट इमल्शन (भिंतीला लावतात तो पाण्यातला रंग) आणि साधारण २० मिलि पाणी पुरतं. आधी साबणाच्या गरम पाण्यानं धुऊन बाटली दोन दिवस उघडी वाळवा. आत ओल राहिली की तिथे रंग धरत नाही. रंग आत ओता, बाटली आडवी धरून दोन-तीन मिनिटं हळूहळू फिरवा. सगळीकडे बसला की एखाद्या डब्याच्या तोंडावर दोन काड्या आडव्या टाकून त्यावर बाटली उलटी टेकवा. सपाट फळीवर उलटी ठेवू नका: तोंड बंद होतं, आत हवा जात नाही आणि आठवड्यानंतरही रंग ओला राहतो. पहिल्या तासात दर दहा मिनिटांनी पाव वळसा फिरवा, नाहीतर रंग खांद्याच्या आतल्या बाजूला साचतो आणि वाळल्यावर तिथेच तडकतो. पाणी जास्त झालं असेल तर उभ्या धारा दिसतात. अशा वेळी पहिला थर पूर्ण वाळू देऊन दुसरा द्या. मग बाटली सरळ उभी करून तीन-चार दिवस ठेवा.

बाहेरून रंगवताना नव्वद टक्के यश पुसण्यात आहे. साबण, स्वच्छ पाणी, मग स्पिरिट लावलेलं फडकं. त्यानंतर बाटलीला बोट लावायचं नाही, मानेत काठी घालून धरायची. बोटाचा तेलकट ठसा राहिला की जेसो (रंगाआधी द्यायचं पांढरं अस्तर) तिथे थेंबाथेंबानं फुटतो, आणि वरवर बसलाच तर महिन्याभरात सालपटासारखा निघतो. जेसोचे दहा भाग आणि पाण्याचा एक, असे तीन पातळ थर द्या. प्रत्येक थरात दोन तास ठेवा आणि शेवटी ३२० नंबरच्या सँडपेपरनं हलका हात फिरवा.

सगळ्यांना एकच पांढरा देऊ नका. १०० मिलि पांढऱ्यात वाटाण्याएवढा रॉ अंबर (मातकट तपकिरी) टाकलात तर एक पांढरा तयार होतो, तेवढाच यलो ऑकर (मातकट पिवळा) टाकलात तर दुसरा, किंचित काळा टाकलात तर तिसरा. डब्यात ते तिन्ही जवळजवळ सारखे वाटतात. शेजारी-शेजारी ठेवल्यावर मात्र एक उबदार, एक मळकट, एक थंड असे तीन पांढरे बोलू लागतात.

पत्र्याच्या डब्यांना आधी धातूचा प्रायमर हवाच. जेसोतल्या पाण्यानं डब्याची शिवण आतून गंजते आणि महिना-दीड महिन्यानं पांढऱ्यावर तांबूस रेघ उमटते.

धूळ

धुळीला घाणीशी जोडल्यामुळे तिचं काम लक्षात येत नाही. गुळगुळीत पृष्ठभाग उजेड एकाच दिशेनं परत पाठवतो, म्हणून ठिपका चमकतो. धुळीचे कण तोच उजेड सगळीकडे विखरतात, म्हणून ठिपका विरघळतो. आणखी एक बारीक गोष्ट आहे. धूळ आडव्या आणि उतरत्या भागावर बसते, उभ्या भागावर जवळजवळ बसत नाही. बाटलीच्या खांद्यावर, डब्याच्या झाकणावर, जगाच्या कानाच्या वरच्या वळणावर करडा थर येतो आणि बाजू मूळ रंगाच्या राहतात. म्हणजे वरचे भाग आणि बाजूचे भाग धूळच वेगळे करून देते. गडद बाटलीच्या खांद्याकडे जवळून पाहा: माथ्यावर मऊ करडा, उतारावर तो विरळ होत जातो, आणि जिथे पोट सरळ खाली जातं तिथे एका अस्पष्ट रेषेवर संपतो. अशी घडण कुंचल्यानं रंगवणाऱ्याला आयती मिळाली, तर ती तो कशाला पुसेल?

वस्तू उघड्या फळीवर, पंख्याच्या झोतापासून दूर ठेवा. वेग घराघरानुसार बदलतो, पण तीन-चार आठवड्यांत खांद्यांवर थर दिसू लागतो. स्वयंपाकघराजवळ ठेवू नका, तिथली धूळ तेलकट असते, पिवळी पडते आणि चिकटून बसते. ओलसर भिंतीजवळ तर मुळीच नाही, बुरशी येते.

उचलताना नेहमी खालच्या तिसऱ्या भागाला धरा. खांद्याला हात लागला की बोटांचे चार गडद ठसे पडतात आणि ते पुन्हा भरून यायला महिना जातो. ठसा पडलाच तर एक जागा झाकण्याचा प्रयत्न करू नका, ती वस्तू पूर्ण पुसून नव्यानं धूळ धरू द्या. थांबायला वेळच नसेल तर खडूची बारीक पूड मलमलीच्या पुरचुंडीत बांधून वस्तूच्या एक फूट वरून हलकी झटका. नाकातोंडाला मास्क लावूनच, आणि एकदाच. दोनदा झटकलीत तर वस्तू पिठाच्या गिरणीतून आल्यासारखी दिसते.

टेबलाची उंची

मोरांदीकडे वेगवेगळ्या उंचीची टेबलं होती, कारण उंची बदलली की चित्राची जातच बदलते. हे हिशेबानं पाहा. तुम्ही दोन मीटरवर आहात आणि बाटलीचं तोंड तुमच्या डोळ्याच्या ४० सेंटिमीटर खाली आहे. तर आठ सेंटिमीटर रुंद तोंड तुम्हाला आठ बाय सुमारे दीड सेंटिमीटरच्या लंबवर्तुळासारखं दिसेल. तेच तोंड डोळ्याच्या फक्त दहा सेंटिमीटर खाली असेल तर लंबवर्तुळाची जाडी चार मिलिमीटर होते, म्हणजे जवळजवळ रेघ. पहिल्या स्थितीत टेबल एक मैदान असतं, वस्तूंच्या मागे-पुढे जागा दिसते. दुसऱ्या स्थितीत वस्तू शहराच्या इमारतींसारख्या ओळीनं उभ्या राहतात आणि खोली नाहीशी होते.

नेहमीच्या टेबलाची उंची ७५ सेंटिमीटर असते. उभं राहून काम करणाऱ्यासाठी ते पहिल्या जातीचं. त्यावर भक्कम पेटी ठेवून ११० सेंटिमीटरपर्यंत न्या, मग वस्तूंचे माथे डोळ्याजवळ येतात. सुरुवात इथून करावी. अगदी डोळ्याच्या पातळीची फळी दिसायला सोपी वाटते, पण तिथे सगळा भार कडांवर येतो. हात बसल्याशिवाय ती पेलत नाही.

पेटीवर पेटी रचताना डगमग तपासा. कुंचला धुताना बसलेल्या धक्क्यानं आठवड्याची मांडणी दोन मिलिमीटर हलू शकते, आणि का बिघडलं ते कळतही नाही.

उजेड

थेट ऊन येत नाही अशी एकच खिडकी घ्या आणि बाकीच्या बंद करा. त्या खिडकीवर पातळ पांढरं सुती कापड किंवा ट्रेसिंग पेपर ताणून लावा. खिडकीचा खालचा भाग पुठ्ठ्यानं झाकलात तर उजेड वरून येतो आणि सावल्या टेबलावर नीट बसतात. खालून आलेला उजेड वस्तूंच्या बुडाखालच्या सावल्या खाऊन टाकतो. टेबल खिडकीपासून दीड ते दोन मीटरवर हवं. खिडकीला खेटून ठेवलं तर एका टोकाची बाटली उजळते, दुसऱ्या टोकाची काळवंडते आणि रंगांचं नातं तुटतं.

दिव्याचा उजेड मिसळू नका. दिवसाचा उजेड निळसर आणि दिव्याचा पिवळसर असतो, त्यामुळे एकाच पांढऱ्या डब्याच्या दोन बाजू दोन रंगांच्या होतात. आणि अंगावरचे कपडे पाहा. लाल सदरा घालून पांढऱ्या मांडणीसमोर उभं राहिलात तर तांबूस झाक डब्यांवर येते आणि ती तुम्ही प्रामाणिकपणे रंगवता. करडा किंवा मळखाऊ रंगाचा एप्रन घाला.

रोज त्याच दोन-अडीच तासांत काम करा. स्वच्छ आकाशाच्या आणि ढगाळ दिवसाच्या मांडण्या वेगळ्या धरा, एकाच कॅनव्हासवर दोन्ही आणू नका.

खुणा

टेबलावर जाडसर, मळकट पांढरा कागद मास्किंग टेपनं चारही बाजूंनी बसवा. वस्तू जागेवर आली की बुडाभोवती पेन्सिल फिरवा, आत वस्तूचं अक्षर आणि मांडणीचा क्रमांक लिहा. डब्याचा कोणता कोपरा पुढे होता, जगाचा कान कुठे होता ते बाणानं दाखवा. दुसऱ्या मांडणीला दुसऱ्या रंगाची पेन्सिल.

यात एक फसगत आहे. सात मिलिमीटर जाडीची पेन्सिल उभी धरली तर तिचं टोक बुडापासून साडेतीन मिलिमीटर बाहेर रेघ काढतं. परत ठेवताना वस्तू रेघेला एका बाजूनं चिकटवली तर ती तेवढी सरकली. म्हणून ती वर्तुळाच्या मधोमध बसवा, चारही बाजूंना सारखी फट ठेवून. पेन्सिल तिरपी धरू नका, फट कमी-जास्त होते.

वस्तूंना खुणा केल्या आणि स्वतःला केल्या नाहीत तर अर्धं काम वाया गेलं. जमिनीवर ईझलच्या तिन्ही पायांना आणि आपल्या पावलांना टेप लावा. डोक्याचं काय? त्यासाठी मांडणीतच नेम धरा: पुढच्या डब्याची उजवी कड मागच्या बाटलीच्या डाव्या कडेला जिथे नेमकी टेकते ती जागा लक्षात ठेवा आणि रोज काम सुरू करण्याआधी ती जुळेपर्यंत डोकं हलवा.

हे इतकं काटेकोर का, तर पुन्हा हिशेब. पुढची वस्तू दोन मीटरवर आणि मागची तिच्या १५ सेंटिमीटर मागे असेल, तर डोकं पाच सेंटिमीटर बाजूला गेल्यावर त्यांच्यामधली फट जवळजवळ चार मिलिमीटरनं बदलते. दोन डोळ्यांतलं अंतर साधारण साडेसहा सेंटिमीटर असतं, म्हणजे डाव्या डोळ्याला दिसणारी फट आणि उजव्याला दिसणारी फट यांत पाच मिलिमीटरचा फरक. कडा जुळवताना एक डोळा मिटा, आणि रोज तोच मिटा.

मांडणी

इथे घाई करणाऱ्याला या पद्धतीतून काहीच मिळणार नाही. मोरांदीचे आठवडे इथेच जात. दहा दिवस तरी धरा.

चित्रकलेच्या वर्गात शिकवतात की दोन वस्तू एकतर स्पष्ट एकमेकींआड जाव्यात किंवा त्यांच्यात स्पष्ट अंतर असावं. कडेला कड टेकवू नये. नियम बरोबर आहे, कारण कडा टेकल्या की कोणती वस्तू पुढे आणि कोणती मागे हे कळत नाही. मोरांदीनं, विशेषतः १९५० नंतरच्या चित्रांत, नेमकं हेच जाणूनबुजून केलं. दोन डब्यांचे माथे एका रेषेत, बाटलीची बाजू डब्याच्या कडेत विरघळलेली, टेबलाची मागची कड वस्तूंच्या माथ्याला भिडलेली. नजर पुढे-मागे होत राहते आणि चित्र हलू लागतं. जवळजवळ सारख्या उंचीच्या जोड्या इथे कामाला येतात: १७ सेंटिमीटरचा डबा पुढे आणि १६ चा थोडा मागे ठेवला, तर वरून पाहणाऱ्या डोळ्याला दोघांचे माथे एका रेषेत आणता येतात. मागचा डबा पुढे-मागे सरकवत राहा, एका जागी रेषा जुळते. तिथून दोन मिलिमीटर इकडेतिकडे करून पाहा आणि फरक बघा.

पहिल्या दिवशी फक्त तीन वस्तू. दोन डबे आणि एक बाटली. त्यांची एकत्र बाह्यरेषा आयताच्या जवळ जाईल असं बसवा. दुसऱ्या दिवसापासून रोज एकच बदल: एक वस्तू घाला, काढा किंवा सरकवा. दोन बदल एकदम केलेत तर सुधारणा कशामुळे झाली ते कळत नाही. बदल केल्यावर लगेच ठरवू नका, रात्रभर तसंच ठेवा.

फटींकडे वस्तूंइतकंच लक्ष द्या. पाच मिलिमीटरच्या फटीत उजेड शिरत नाही, ती जवळजवळ काळी दिसते. म्हणजे फट कुठे ठेवायची हे ठरवणं म्हणजे चित्रातला सगळ्यात गडद पट्टा कुठे उभा करायचा हे ठरवणं. तीच फट दोन सेंटिमीटर केली की उजेड आत येतो आणि काळा पट्टा करडा होतो. संपूर्ण मांडणीत एक अरुंद फट, एक रुंद फट आणि बाकी सगळं खेटून, एवढ्यावर खूप दिवस काम करता येतं. सगळ्या फटी सारख्या झाल्या तर दुकानातलं शेल्फ झालं. सगळ्यात उंच बाटली मध्ये आणि दोन्ही बाजूंना उतरती भाजणी झाली तर कुटुंबाचा फोटो झाला. उंच बाटली तिसऱ्या हिश्शाकडे सरकवा.

रोज संध्याकाळी सहा बाय आठ सेंटिमीटरचं एक टिपण करा, फक्त रेघांनी. पांढरा कागद म्हणजे उजेड, एका दिशेच्या रेघा म्हणजे फिकट छटा, त्यावर आडव्या रेघा म्हणजे मध्यम, तिसऱ्या दिशेच्या रेघा म्हणजे गडद. मोरांदी १९३० ते १९५६ बोलोन्याच्या कला अकादमीत एचिंग (धातूच्या पत्र्यावर आम्लानं रेघा कोरून काढायचं छापचित्र) शिकवत होता आणि त्याच्या सुमारे १३० एचिंगांपैकी बहुतेकांत सगळे टोन, म्हणजे उजळ-गडद छटा, अशा एकमेकांवर पडणाऱ्या रेघांतून येतात. चार टोनांत चित्र उभं राहत नसेल तर रंगांनी ते सावरत नाही. मोबाइलचा फोटो निर्णयासाठी वापरू नका. जवळून काढलेल्या फोटोत पुढची वस्तू फुगते आणि जुळवलेल्या कडा सुटतात.

मागच्या बाजूला भिंत तशीच ठेवू नका. करडा, मातकट किंवा फिका गुलाबीसर कागद वस्तूंच्या मागे अर्ध्या मीटरवर लटकवा, म्हणजे वस्तूंच्या सावल्या त्यावर पडणार नाहीत.

रंग आणि बैठक

मोरांदी स्वतः रंग घोटत असे आणि कॅनव्हासही स्वतःच ताणत असे. ट्यूबमधले रंग चालतील. पांढरा, यलो ऑकर, रॉ अंबर, बर्न्ट सिएना (तांबूस तपकिरी), अल्ट्रामरीन (गडद निळा) आणि आयव्हरी ब्लॅक, बस्स. आधी एक मूळ करडा करा: पांढऱ्याचे चार भाग, रॉ अंबरचा एक, ऑकरचा अर्धा. त्याचे चार ढीग करा. एकात चिमूटभर अल्ट्रामरीन, एकात बर्न्ट सिएना, एकात आणखी पांढरा, एकात आणखी अंबर. सगळ्या वस्तूंचे रंग या चार भावंडांतूनच काढा.

टायटॅनियम व्हाइट फार जोरकस असतो. उजळ करायला तो घालत गेलात की रंग थंड आणि चुन्यासारखा होतो. प्रत्येक वेळी पांढऱ्याबरोबर ऑकरचा कण घाला, किंवा झिंक मिसळलेला पांढरा वापरा.

रंग तपासायला करड्या पुठ्ठ्याची पट्टी घ्या, टोकाला रंगाचा ठिपका लावा आणि ती वस्तूजवळ, वस्तूवरच्या उजेडात धरा. ईझलजवळ धरून ताडलेला रंग चुकतो, कारण तिथला उजेड निराळा. मग डोळे किलकिले करा. दोन शेजारच्या वस्तू एकमेकींत मिसळल्या तर त्यांचा टोन सारखा आहे. मग फक्त एक थोडी उबदार आणि एक थोडी थंड ठेवा. अशी कड असूनही नसल्यासारखी दिसते, आणि मोरांदीच्या चित्रात डोळा जिथे रेंगाळतो ती हीच जागा.

२५ बाय ३० किंवा ३० बाय ३५ सेंटिमीटरचा कॅनव्हास पुरे. आधी पातळ ऑकर-पांढऱ्याचा थर देऊन वाळवा. अंबरच्या पातळ रंगानं फक्त तीन गोष्टी मोजून आखा: टेबलाची मागची कड आणि समूहाच्या दोन बाह्य कडा. बाकी रेषा हातानं, पट्टी न लावता. आठ-दहा मिलिमीटरच्या चपट्या, राठ केसांच्या (ब्रिसल) कुंचल्यानं वस्तू आणि पार्श्वभूमी एकाच वेळी रंगवा. वस्तू पूर्ण करून मग भोवती पार्श्वभूमी भरली की वस्तू कातरून चिकटवल्यासारख्या दिसतात.

उजेडाच्या त्याच दोन-अडीच तासांत चित्र संपवा. नाही जमलं तर दुसऱ्या दिवशी अर्धवट वाळलेल्या रंगावर काम करू नका, चिखल होतो. त्याच संध्याकाळी पॅलेट नाइफनं खरवडा, टर्पेन्टाइनच्या चिंधीनं पुसा. पुसट आकृती उरते, ती राहू द्या. पुढच्या बैठकीला तीच आखणी होते. तेला-टर्पेन्टाइनच्या चिंध्या बोळा करून ठेवू नका, त्या आपोआप पेट घेऊ शकतात. पसरून वाळवा किंवा पाण्यात बुडवून टाका.

फुलदाणी हवी असेल तर रेशमी किंवा वाळलेली फुलं. ताजा गुलाब अडीच तासांत उमलतो आणि पहिली रंगवलेली पाकळी शेवटी जागेवर नसते.

एक सवय जी त्याची नव्हतीच

मोरांदीला बाटल्यांत कोंडून घेतलेला संन्यासी म्हणून उभं करणं अन्याय आहे. तो पंचवीसहून अधिक वर्षं अकादमीत शिकवत होता. १९१८-१९ च्या सुमारास तो मेटाफिजिकल या गूढ, स्वप्नवत चित्रशैलीतून गेला. सेझान, शार्दँ आणि पिएरो देल्ला फ्रान्चेस्का या आधीच्या चित्रकारांचा अभ्यास त्याच्या चित्रांत दिसतो. १९४८ मध्ये व्हेनिसच्या आणि १९५७ मध्ये साओ पावलोच्या द्वैवार्षिक कलाप्रदर्शनात त्याला मोठे पुरस्कार मिळाले. त्यानं बंद केले ते टेबलावरचे बदल. जगाकडे त्यानं पाठ फिरवलेली नव्हती. उन्हाळ्यात तो ग्रित्साना या डोंगरगावी जाऊन निसर्गचित्रं काढी. १९८५ पासून त्या गावाच्या नावात मोरांदी जोडलेलं आहे. तेव्हा पद्धत घेताना एकांताचं नाटक घेऊ नका. मित्रांना बोलवा, फक्त टेबलाला हात लावू देऊ नका, आणि खोली झाडणाऱ्यालाही ते आधी सांगून ठेवा.

पुढचं चित्र

पहिलं चित्र झालं की मांडणी मोडायचा मोह होतो. मोडू नका. कागदावर मांडणीचा क्रमांक, तारीख, वेळ आणि आकाश कसं होतं ते लिहा. दुसऱ्या रंगाची पेन्सिल घ्या. एकच वस्तू निवडा, शक्यतो अरुंद फटीच्या शेजारची, आणि ती पाच मिलिमीटर सरकवून फट बंद करा. काळा पट्टा गेला. आता सगळ्यात गडद जागा कुठे आहे ते पाहा, एक डोळा मिटून नेम जुळवा आणि त्याच मापाचा दुसरा कॅनव्हास लावा.